रंगमंचावरचा गळा आणि ध्वनिक्षेपकापुढचा गळा

मुंबईहून मद्रासकडे जाणाऱ्या लोहमार्गावर वसलेले, १८७७ सालच्या जुन्या मिलीपासून गिरण्यांच्या भोंग्यावर दिवस मोजीत आलेले आणि एकाच पेठेत मराठी, कानडी, तेलुगू व उर्दू अशा चारही भाषा नित्य ऐकणारे सोलापूर शहर कलेच्या इतिहासात फारसे कोणी जमेस धरीत नाही. कोल्हापूरला चित्रपटाचा, सांगलीला नाटकाचा आणि मिरजेला तंतुवाद्यांचा मान एकदा वाटून झाला, की सोलापूरच्या वाट्याला चादर तेवढी उरते. तथापि मराठी संगीत रंगभूमीच्या उत्तरकाळातील एक अव्वल गायिका-अभिनेत्री याच शहरात जन्मली. फैय्याज इमाम शेख हे तिचे पूर्ण नाव; रसिकांच्या तोंडी मात्र नुसते ‘फैय्याज’ एवढेच आहे. नाटकातल्या गाण्याने नाव मिळविलेल्या या गायिकेचा आवाज ज्या लाखो घरांत पोहोचला, त्यांतील बहुतेकांनी तिचे नाटक कधी पाहिलेच नव्हते. तो पोहोचला चित्रपटाच्या, ध्वनिमुद्रिकेच्या आणि आकाशवाणीच्या मार्गाने. रंगमंचासाठी घडलेला गळा या नव्या यंत्रांच्या स्वाधीन होतो, तेव्हा त्याचे काय होते, हा प्रश्न म्हणून आपल्या परिचयाच्या माणसांपासूनच विचारता येतो.

पाश्चात्य देशांत हा प्रश्न ऑपेराच्या गायकांपुढे उभा राहिला. ऑपेरा म्हणजे जिथे संवादही बहुधा गायचे असतात असे संगीत नाटक. शेकडो वाद्यांचा नसला तरी साठ-सत्तर वादकांचा ताफा समोर वाजत असता, कोणत्याही यंत्राचे साहाय्य न घेता, शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोहोचविणे ही तेथील गायकाची पहिली परीक्षा. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेराने १९३१ च्या नाताळच्या दिवशी आपला संपूर्ण प्रयोग प्रथम रेडिओवरून प्रक्षेपित केला, आणि पुढे शनिवार दुपारच्या प्रयोगाचे प्रक्षेपण हा अमेरिकेतील घरोघरचा शिरस्ता होऊन बसला. त्याच संस्थेने २००६ च्या डिसेंबरअखेर मोझार्टच्या ‘मॅजिक फ्लूट’पासून चालू प्रयोग उपग्रहाच्या द्वारे देशोदेशीच्या चित्रपटगृहांत दाखविण्यास प्रारंभ केला, मुंबईच्या राष्ट्रीय संगीत नाट्य केंद्रातही ही प्रक्षेपणे दाखविली जातात. त्यामुळे, एके काळी प्रेक्षकापासून पन्नास हातांवर उभी राहणारी गायिका आता पडद्यावर इतकी जवळ येते, की तान घेताना तिच्या मानेची ताणलेली शीर आणि कपाळावरचा घामही दिसावा.

आपल्याकडील गोष्ट थोडी निराळी आहे. अण्णासाहेब किर्लोस्करांनी ३१ ऑक्टोबर १८८० रोजी पुण्यास ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आणले तेव्हापासून मराठी नाटकात गद्य आणि पद यांचा संसार एकत्र चालत आला. पात्र बोलता बोलता गाऊ लागे, आणि गाता गाता पुन्हा बोलण्यावर येई. या संसाराचा खरा धनी मात्र प्रेक्षक होता. पद आवडले की ‘वन्स मोअर’चा पुकारा होई, आणि तोच राजा तेच दुःख पुन्हा तितक्याच तन्मयतेने गाऊन दाखवी, दुसऱ्या वेळी पहिल्या वेळचीच जागा त्याने घ्यावी असा निर्बंध नव्हता, उलट काहीतरी नवे ऐकावयास मिळावे याच आशेने पुकारा होत असे. नाटक रात्रभर चाले, ते कथानकाच्या लांबीमुळे नव्हे. गायकाला आपल्या गाण्याची लांबी, लय आणि रंग समोरच्या माणसांच्या चेहऱ्यांवरून ठरविण्याची सवय जडलेली होती, आणि त्या सवयीवरच त्याची सारी कला उभी होती.

या सवयीची मोडतोड पहिल्या मराठी बोलपटापासूनच सुरू झाली. प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ १९३२ च्या फेब्रुवारीत मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये लागला. हरिश्चंद्राचे काम गोविंदराव टेंब्यांचे, संगीतही त्यांचेच. पार्श्वगायनाची युक्ती तेव्हा निघालेली नव्हती. नटाने कॅमेऱ्यापुढे उभे राहूनच गावयाचे आणि साथीदारांनी दृश्यात येऊ नये अशा बेताने झाडाआड वा पडद्याआड बसून वाजवावयाचे. गोविंदराव स्वतः हार्मोनियमचे जाणते वादक, शिवाय नाटक मंडळ्यांच्या कारभारात आणि हिशेबांत मुरलेले. नव्या यंत्राची मर्यादा ओळखून गाणे आटोपशीर करण्याचा सुज्ञपणा त्यांच्या अंगी होता. सर्वांच्याच ठायी तो असता, तर पुढचा इतिहास इतका क्लेशकारक झाला नसता.

बालगंधर्वांचे प्रकरण या दृष्टीने पाहण्यासारखे आहे. नारायण श्रीपाद राजहंस हे १९०५ मध्ये किर्लोस्कर मंडळीत आले, १९१३ मध्ये गणेशराव बोडस आणि गोविंदराव टेंबे यांच्यासह त्यांनी गंधर्व नाटक मंडळी काढली, आणि पुढील वीस वर्षे सबंध महाराष्ट्र त्यांच्या स्वरावर आणि शालूवर अक्षरशः भाळलेला राहिला. बोलपटांनी नाटकगृहे ओस पाडली, मंडळीवर कर्जाचा डोंगर झाला, तेव्हा प्रभात कंपनीशी भागीदारीचा करारनामा होऊन १९३५ मध्ये व्ही. शांताराम यांच्या दिग्दर्शनाखाली ‘धर्मात्मा’ निघाला. चित्रपटाचे मूळ नाव ‘महात्मा’. परंतु ते गांधीजींचे स्मरण करून देते म्हणून सरकारी परीक्षकांनी हरकत घेतली आणि नावावर पाणी सोडावे लागले. बालगंधर्व त्यात एकनाथांच्या वेषात आहेत. संगीत मास्टर कृष्णराव या त्यांच्याच मंडळीतल्या जुन्या सहकाऱ्याचे. दिग्दर्शक कसलेला, विषय उदात्त, खर्चातही कसर नाही. असे असूनही ज्यांनी रंगमंचावर त्यांच्या सिंधू, भामिनी आणि रुक्मिणी या स्त्रीभूमिका पाहिल्या होत्या त्यांना ते एकनाथ परके वाटले, आणि भागीदारी त्या एका चित्रपटावरच आटोपली.

बालगंधर्वांना पुरुषवेष मानवला नाही, असे या अपयशाचे कारण सर्रास सांगितले जाते. मला ते अपुरे वाटते. कारण दोनच वर्षांनी, १९३७ मध्ये, बाबूराव पेंटरांनी दिग्दर्शित केलेल्या ‘साध्वी मीराबाई’त त्यांनी स्त्रीवेषच घेतला होता, आणि तो चित्रपट तर ‘धर्मात्मा’पेक्षाही निस्तेज ठरला. खरी अडचण वेषाची नव्हती, ती समोरच्या रिकामपणाची होती. चित्रीकरणात दिवे आहेत, यंत्र आहे, वेळेचा हिशेब ठेवणारे लोक आहेत. परंतु समेवर मान हलविणारे कोणी नाही. दिग्दर्शकाने एकदा ‘ठीक’ म्हटले की ती जागा कायमची मुद्रित झाली, आणि तेच पद उद्याच्या प्रयोगात अधिक रंगविण्याची सोय संपली. ज्याचे पद रात्रीगणिक नव्याने जन्मत असे, त्याला एका मुद्रित गाण्याने ओळखावे म्हणणे हा त्याच्यावर अन्यायच होता. पण त्या अन्यायाचा जाब विचारावा तरी कोणाला? मास्टर दीनानाथांनीही १९३४ मध्ये बलवंत मंडळीच्या चित्रसंस्थेतून ‘कृष्णार्जुन युद्ध’ काढून असाच हात पोळून घेतला.

सगळेच पोळले असे मात्र नाही. विष्णुपंत पागनीस हेही एके काळचे स्त्रीपार्टी. त्यांनी १९३६ मध्ये दामले-फत्तेलालांच्या ‘संत तुकारामा’त अशी काही भूमिका केली, की पुढल्या वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात त्या चित्रपटाचा गौरव झाला. त्यांच्या गाण्यात तानबाजी जवळजवळ नाहीच. अभंग म्हणताना ते कोणाला तरी ऐकवीत आहेत असे न वाटता मनाशीच गुणगुणत आहेत असे वाटते, आणि कॅमेऱ्याला हवे होते ते नेमके हेच.

रेडिओचा मामला आणखी निराळा. त्याला चेहरा नको होता, वेष नको होता; वयाने थकलेल्या गायकनटाला तेथे अभय होते. परंतु मार्च १९४० मध्ये ऑल इंडिया रेडिओने हार्मोनियमला केंद्राची दारे बंद केली. जॉन फोल्ड्स या रेडिओच्याच नोकरीतील इंग्रज संगीतकाराने हार्मोनियमच्या ठराविक पट्ट्यांवर भारतीय श्रुती वाजूच शकत नाहीत असे प्रतिपादन केले होते, रवींद्रनाथांचाही त्या वाद्यावर राग होता, आणि प्रमुख संचालक लायनेल फील्डन यांनी हुकूम काढला. शास्त्रदृष्ट्या त्यात तथ्य असेलही; परंतु मराठी नाट्यपदाचा पिंड पायपेटी आणि ऑर्गन यांच्या सुरांवर पोसलेला, आणि त्याला तीस-एक वर्षे या दरबारात पेटीवाचून हजेरी लावावी लागली. १९७१ च्या सुमारास बंदी सैल झाली, तोवर संगीत नाटकाचे वैभव ओसरून गेले होते. याच नभोवाणीने १९५५ च्या एप्रिलपासून पुणे केंद्रावरून गदिमा आणि सुधीर फडके यांचे ‘गीतरामायण’ आठवड्यामागून आठवडे ऐकविले, हेही तिच्या जमेला लिहिले पाहिजे. छप्पन्न गीतांची ती मालिका म्हणजे पडदा, वेष आणि रंगमंच यांपैकी काहीही नसलेले संगीत नाटकच होते, आणि माणिक वर्मा, वसंतराव देशपांडे यांच्यासारख्या गायकांना त्यात केवळ आवाजाने पात्र उभे करावे लागले.

सोलापूरहून विजापूरच्या रस्त्याला लागले की जो मुलूख येतो, त्यातल्या बिळगी गावच्या दोन बहिणींचा उल्लेख येथे केल्यावाचून राहवत नाही. गोहरबाई कर्नाटकी आणि अमीरबाई कर्नाटकी. गोहरबाईंनी मावळत्या बालगंधर्वांची साथ धरून रंगमंच पत्करला आणि लोकांच्या निंदेला पात्र झाल्या. अमीरबाई मुंबईच्या बोलपटांत गेल्या, आणि १९४३ च्या ‘किस्मत’मधील गाण्यांनी त्यांचे नाव देशभर झाले. एकाच घरात, एकाच मातीतून आलेल्या या दोन गळ्यांपैकी यंत्रापुढे गायलेला आज सहज ऐकावयास मिळतो. दुसऱ्यासाठी शोधाशोध करावी लागते.

दोन्ही ठिकाणी तितक्याच सहजतेने वावरलेला कलावंत म्हणून वसंतराव देशपांड्यांकडे पाहावे लागते. १९३५ च्या ‘कालियामर्दन’मध्ये भालजी पेंढारकरांनी त्यांना बालकृष्ण केले, तेव्हा ते पंधराच्या आतबाहेर होते. पुढे लष्करी हिशेब खात्यात कित्येक वर्षे त्यांनी कारकुनी केली, पुलंच्या ‘गुळाचा गणपती’त ते गायले, आणि २४ डिसेंबर १९६७ रोजी पुरुषोत्तम दारव्हेकरांचे ‘कट्यार काळजात घुसली’ रंगभूमीवर आले तेव्हा खाँसाहेब आफताब हुसेन यांच्या रूपाने महाराष्ट्राला आपला वसंतराव खऱ्या अर्थाने सापडला. ‘अष्टविनायक’ या १९७९ च्या चित्रपटात मुलीची पाठवणी करणाऱ्या बापाचे गाणे त्यांनी गायले आहे. खाँसाहेबांची आक्रमक तान ज्यांनी ऐकली आहे त्यांनी ते आवर्जून ऐकावे. तोच गळा, परंतु तेथे तो जणू तोंडावर उपरणे धरून गातो.

त्याच ‘कट्यार’मध्ये खाँसाहेबांच्या मुलीचे, झरीनेचे, काम फैय्याज यांचे. ‘नाट्यसंपदा’ या नाट्यसंस्थेची निर्मिती, जितेंद्र अभिषेकींचे संगीत, पंडितजींच्या भूमिकेत भार्गवराम आचरेकर, सदाशिव झालेले प्रसाद सावकार. अशा कसलेल्या गायकांच्या मेळ्यात उभे राहावयाचे म्हणजे नवख्या मुलीची छाती दडपावी. झरीनेला घराण्याच्या तालमीची गायकी नव्हे तर ठुमरीचा नखरा आणि उर्दूचा अदब दाखवावयाचा होता, आणि मला वाटते येथे सोलापूर तिच्या कामी आले. पुणेरी नटीला ‘क’ आणि ‘क़’ यांतील भेद शिकवावा लागतो. ज्या गावात बोहरी दुकानदार, पद्मशाली विणकर आणि लिंगायत आडत्या एकमेकांशी सकाळपासून संध्याकाळपर्यंत व्यवहार करतात, तेथल्या मुस्लिम घरातल्या मुलीला तो आईच्या बोलण्यातूनच मिळतो. आणि मराठीही तिची तितकीच घरची. शिरवाडकरांच्या ‘वीज म्हणाली धरतीला’ या नाटकात झाशीच्या राणीच्या कथेला लागून येणारे तिचे गीत ज्यांनी ऐकले, त्यांना ही गायिका ठुमरीखेरीज काव्यही म्हणू शकते याची खूण पटली असेल.

आता जरा मूळ प्रश्नाकडे परत येऊ. यंत्राने रंगमंचाच्या गायकाचे काय हिरावून घेतले याची यादी आतापर्यंत बरीच झाली. त्याने काही दिले की नाही? येथे पुन्हा ऑपेराचेच एक उदाहरण कामी येते. टेरेसा स्ट्राटास ही कॅनडात जन्मलेली, चणीने लहानखुरी गायिका. रिचर्ड श्ट्राउसच्या ‘सालोमे’त वाद्यवृंद असा गर्जतो, की नाजूक गळ्याच्या गायिकेने रंगमंचावर ती भूमिका घेणे म्हणजे आपल्या आवाजाची राखरांगोळी करून घेणे. स्ट्राटासने ती रंगमंचावर कधी केलीच नाही. १९७४ मध्ये गोट्झ फ्रीडरिख यांनी त्याचा चित्रपट केला, कार्ल ब्यॉम यांनी व्हिएन्नाचा वाद्यवृंद चालविला, गाणे आधी मुद्रित झाले आणि मग कॅमेऱ्यापुढे तिने आपल्याच आवाजाबरोबर ओठ हलवीत अभिनय केला. सालोमे ही किशोरवयाची राजकन्या. रंगमंचावर ती बहुधा चाळिशीच्या, भरदार देहाच्या गायिकेकडून पाहावयास मिळते. पडद्यावर प्रथमच ती कोवळी, हट्टी आणि भयंकर अशी दिसली. ही भूमिका सर्वस्वी यंत्राचे देणे होय. ध्वनिक्षेपक नसता तर ती जन्मालाच आली नसती.

फैय्याज यांच्या बाबतीत असे देणे म्हणजे ‘जोगिया’. गदिमांची ही कविता सी. रामचंद्र यांनी स्वरबद्ध केली आणि राजा ठाकुरांच्या ‘घरकुल’ या चित्रपटासाठी फैय्याज यांनी ती गायली. मैफल उठून गेलेली आहे, वाद्ये निजली आहेत, आणि गाणारी बाई एकटीच बसून कोणा एका अबोल, मागे फिरलेल्या माणसाच्या आठवणीत पान लावते आहे. ही सगळी कथा एका गाण्यात सांगावयाची. रंगमंचावर हे पद कसे झाले असते याची कल्पना करून पाहावी. गायिकेला सर्वांत मागच्या बाकावरच्या गिरणी कामगारापर्यंत शब्द पोहोचवावयाचे, म्हणजे स्वर उघडा ठेवावा लागणार, शेवटच्या अक्षराला जोर द्यावा लागणार, आणि त्या जोराबरोबर बाईचा एकांत पार उडून जाणार. मुद्रणगृहात ध्वनिक्षेपक तिच्या ओठांपासून वीतभर अंतरावर आहे. ती गात नाही, बोलतही नाही. या दोहोंच्या मधल्या कुठल्या तरी जागी ती आहे. ओळीच्या अखेरीस आवाज विरतो, तो दमामुळे नव्हे, तर पुढचे सांगावे की नाही असा विचार पडल्यासारखा. जोगिया हा पहाटेचा राग, आणि रात्रभर जागलेल्या आवाजाचा तो किंचित घोगरा पोत येथे लपविण्याऐवजी वापरला आहे. टाळी घेण्याची जागा या गाण्यात एकही नाही, आणि असती तर ती दोष ठरली असती.

आकाशवाणीच्या ‘आपली आवड’मध्ये फर्माइशीची पत्रे पाठविणाऱ्या पिढीने असली गाणी पाठ केली. हिंदीतही १९७७ च्या ‘आलाप’मध्ये हृषीकेश मुखर्जींच्या दिग्दर्शनाखाली आणि जयदेव यांच्या संगीतात ‘कुमारी फैय्याज’ या नावाने त्या येसुदास आणि मधुरानी यांच्यासह गायल्या. त्या चित्रपटाची कथाच संगीताच्या ध्यासावर बेतलेली. तरीही पडद्यावर तो फारसा चालला नाही, गाणी मात्र टिकली.

पुढे रंगभूमीच पडद्याचा विषय झाली. २०११ मध्ये ‘बालगंधर्व’ निघाला, २०१५ मध्ये सुबोध भावे यांनी ‘कट्यार’चा चित्रपट केला, २०२२ मध्ये ‘मी वसंतराव’ लागला. आणि या तिन्हींसाठी आनंद भाटे, महेश काळे व राहुल देशपांडे यांना पार्श्वगायनाचे राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. ‘कट्यार’च्या चित्रपटात खाँसाहेब सचिन आहेत आणि गळा वसंतरावांच्या नातवाचा, राहुल देशपांड्यांचा, पंडितजींच्या भूमिकेत गायक शंकर महादेवन स्वतः उतरले, हा त्यातला अपवाद. झरीनेचे काम अमृता खानविलकर यांनी केले. त्यांच्या कामाला नावे ठेवण्याचे कारण नाही; परंतु झरीना होण्यासाठी गाता आलेच पाहिजे ही १९६७ मधली अट चित्रपटाला घालावी लागत नाही, आणि ती अट सुटली की नाटकातली मुलगी व चित्रपटातली मुलगी या दोन वेगळ्या व्यक्ती होतात. कोणती श्रेष्ठ, या वादात मी पडत नाही. एवढेच खरे, की चित्रपट पाहून आलेल्या तरुणांनी मूळ ध्वनिमुद्रण हुडकून ऐकले, आणि वसंतरावांच्या बरोबरीने फैय्याज हे नावही त्यांच्या कानी पडले.

योगायोग असा, की तो चित्रपट ज्या वर्षीच्या दिवाळीत लागला, त्याच वर्षी फेब्रुवारीत बेळगावला अखिल भारतीय मराठी नाट्य संमेलनाचे पंचाण्णवावे अधिवेशन भरले होते. सीमावादाचे निखारे ज्या शहरात अद्याप विझलेले नाहीत, तेथे मराठी नाटकाचे हे व्यासपीठ उभारले गेले. आणि त्याच्या अध्यक्षपदी निवडून आलेल्या होत्या सोलापूरच्या फैय्याज.